स्कोपिंग रिव्ह्यू हातात घेण्याआधी काय काय तयार हवे

सगळ्यात आधी खात्री करायची ती ही, की तुम्हाला खरोखर स्कोपिंग रिव्ह्यूच हवा आहे. एखाद्या विषयावर कोणत्या प्रकारचे अभ्यास झाले, कुठे झाले, कोणत्या पद्धतीने झाले आणि कुठली बाजू कोरी राहिली, एवढे जाणून घ्यायचे असेल तर हा प्रकार योग्य. ‘अमुक औषधाने गुण येतो का’ हा मात्र सिस्टिमॅटिक रिव्ह्यूचा प्रश्न. प्रबंधाची मुदत जवळ आली की स्कोपिंग हा जवळचा रस्ता वाटू लागतो. तसा तो नाही. अभ्यासांचा दर्जा तपासण्याची सक्ती नसते हे खरे, पण प्रश्न रुंद असल्यामुळे चाळायच्या नोंदी वाढतात. शिवाय दर्जा तपासलेला नसल्यामुळे ‘हा उपाय परिणामकारक आहे, राबवावा’ असे शेवटी लिहिता येत नाही. मार्गदर्शकांना तशी शिफारस हवी असेल तर प्रकार आताच बदलावा, सहा महिन्यांनी नव्हे.

कामाची चौकट आधी ठरवावी. हिलरी आर्क्सी आणि लिसा ओ’मॅली यांनी २००५ साली पाच टप्पे मांडले, सहावा सल्लामसलतीचा टप्पा ऐच्छिक ठेवला. २०१० साली लेव्हॅक आणि सहकाऱ्यांनी ते टप्पे अधिक नेमके केले. आज नव्याने सुरुवात करणाऱ्याने अ‍ॅडलेडच्या जेबीआय संस्थेची मार्गदर्शिका धरून प्रोटोकॉल, म्हणजे कामाचा आधीच लिहिलेला आराखडा, तयार करावा आणि अहवालासाठी २०१८ ची प्रिझ्मा-एससीआर यादी वापरावी. तिच्यात २२ कलमे आहेत. त्यांपैकी दोन ऐच्छिक, तीही दर्जा तपासणीशी निगडित. ही यादी छापून पहिल्या दिवसापासून टेबलावर ठेवावी. लेख लिहून झाल्यावर ती भरायला बसणारे हमखास सातव्या-आठव्या कलमावर अडतात, कारण तिथे प्रत्येक स्रोतात शेवटचा शोध कोणत्या तारखेला घेतला आणि किमान एका डेटाबेसचे पूर्ण शोधसूत्र (शोधासाठी टाकलेले शब्द आणि त्यांची जोडणी) काय होते, हे मागितलेले असते. त्या दिवशी लिहून ठेवले नसेल तर ते आठवणीतून उभे करता येत नाही.

आता प्रश्न. जेबीआयच्या पद्धतीत तो तीन भागांत बसवतात: कोण लोक, कोणती संकल्पना, कोणता संदर्भ. उदाहरण गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातले घेऊ. काजूच्या हंगामात बागायतीत आणि रानात काम करणाऱ्यांना माकडतापाचा (गोचिडींतून पसरणारा विषाणूजन्य ताप) धोका असतो. त्यावरचा प्रश्न असा होईल: पश्चिम घाटात रानाशी संबंध असलेल्या कष्टकऱ्यांसाठी माकडताप टाळण्याचे कोणते उपाय अभ्यासले गेले आहेत? लोक म्हणजे काजू वेचणारे, लाकूडफाटा आणणारे, गुरे चारणारे, वनखात्याचे कर्मचारी. संकल्पना म्हणजे लस, अंगाला लावायचे गोचीडरोधक तेल, जनजागृती, माकडांच्या मृत्यूवरची पाळत. संदर्भ म्हणजे कर्नाटक, गोवा, महाराष्ट्र, केरळ आणि तामिळनाडू. यातला प्रत्येक शब्द दोघांनी वेगवेगळा वाचून पाहावा. ‘उपाय’ यात निदानाची नवी चाचणी येते का? गोचिडींची नुसती गणना येते का? याची उत्तरे प्रोटोकॉलमध्ये उदाहरणांसह हवीत. व्याख्या मोघम ठेवली की चाळणीच्या वेळी रोज नवा वाद.

प्रश्न पक्का झाला की त्यावर आधीच कुणी रिव्ह्यू केला आहे का ते पाहावे: पबमेड हा वैद्यकीय लेखांचा डेटाबेस, जेबीआय एव्हिडन्स सिंथेसिस हे नियतकालिक आणि ओपन सायन्स फ्रेमवर्क या संकेतस्थळावर नोंदलेले प्रोटोकॉल. दोन-तीन तास पुरतात. नोंदणीच्या बाबतीत एक गैरसमज घट्ट आहे. प्रॉस्पेरो ही सिस्टिमॅटिक रिव्ह्यूंची नोंदवही स्कोपिंग रिव्ह्यू स्वीकारत नाही, त्यामुळे तिथे अर्ज भरत बसू नये. ओपन सायन्स फ्रेमवर्कवर प्रोटोकॉल तारखेसह नोंदवावा आणि पुढे बदल झाला तर जुनी आवृत्ती न पुसता नवी चढवावी. बदल होणारच, स्कोपिंगमध्ये ते चालतात, पण का केले ते लिहिलेले हवे.

निकष ठरवताना कालमर्यादा सवयीने ‘गेली दहा वर्षे’ अशी टाकू नये. तिला विषयातले कारण हवे. माकडतापाचा विषाणू १९५७ साली कर्नाटकातल्या क्यासनूर भागात सापडला, तेव्हा १९५७ हीच नैसर्गिक सुरुवात. गोव्यावरच्या इतर विषयांत १९६१ ही तारीख डोक्यात ठेवावी लागते. त्याआधीचे वैद्यकीय लिखाण बरेचसे पोर्तुगीजमध्ये आहे. ते घेणार असाल तर वाचणारा माणूस आधी शोधावा. वगळणार असाल तर ‘फक्त इंग्रजी’ एवढे न लिहिता काय सुटते तेही नोंदवावे. १९८७ च्या मेपर्यंत सरकारी आकडे ‘गोवा, दमण आणि दीव’ अशा एकत्र नावाखाली येत, हेही शोधताना विसरू नये.

शोधसूत्र हा तयारीतला सगळ्यात वेळखाऊ भाग, आणि इथे ग्रंथपाल सोबत असला तर निम्मे कष्ट वाचतात. आधी किमान दोन डेटाबेसमध्ये छोटा शोध घेऊन मिळालेल्या लेखांची शीर्षके, गोषवारे आणि विषयशब्द पाहावेत, त्यातून शब्दसंग्रह वाढवावा, मग सर्व डेटाबेसमध्ये पूर्ण शोध घ्यावा आणि शेवटी निवडलेल्या लेखांच्या संदर्भयाद्या चाळाव्यात. पबमेडचे मेश शब्द (त्याचे ठरीव विषयशब्द) एम्बेस या दुसऱ्या डेटाबेसला चालत नाहीत, तिथे त्याचे स्वतःचे, म्हणजे एमट्री. सीनाल या तिसऱ्या डेटाबेसचे विषयशब्द आणखी वेगळे. एकच सूत्र सगळीकडे चिकटवले की एका ठिकाणी नोंदींचा पूर येतो आणि दुसरीकडे शून्य.

सूत्रात किती ओळी (एकेका भागाचे शब्दगट) जोडायच्या हे विषयावर अवलंबून. माकडतापासारख्या विषयावर पबमेडमध्ये नोंदी शेकड्यांत मोजण्याइतक्याच, तेव्हा आजाराची सगळी नावे एवढीच ओळ पुरे. ‘कामगार’ आणि ‘प्रतिबंध’ जोडले तर गोषवाऱ्यात ते शब्द न वापरणारे चांगले लेख हातचे जातात. उलट प्राथमिक आरोग्य केंद्रांतल्या नैराश्याच्या काळजीवर शोध घ्यायचा तर तिन्ही भाग जोडल्याशिवाय गत्यंतर नाही.

‘गोवा’ हा शब्द शोधात घालायचा असेल तर थोडे सावध राहावे. पबमेडमध्ये तो क्षेत्र (फील्ड, म्हणजे शीर्षक, गोषवारा वगैरे) न सांगता टाकला तर लेखकांच्या पत्त्यांतही शोधला जातो, आणि मग दोना पावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेतल्या समुद्री जिवाणूंवरच्या लेखांचा ढीग समोर येतो. शीर्षक आणि गोषवाऱ्यापुरता मर्यादित केला तरी जीन ऑन्टॉलॉजी अ‍ॅनोटेशनची इंग्रजी आद्याक्षरे नेमकी तीच आहेत. दुसरी बाजू अधिक घातक: गोव्यात झालेल्या कितीतरी अभ्यासांच्या गोषवाऱ्यात नुसते ‘भारतातील दोन ठिकाणे’ किंवा ‘पश्चिम भारत’ लिहिलेले असते. म्हणून सूत्रात भारत ठेवावा, गोवा चाळणीत पाहावा. गावांची नावे घ्यायचीच असतील तर पणजीबरोबर पंजिम, मडगावबरोबर मार्गाव, डिचोलीबरोबर बिचोलिम, काणकोणबरोबर कॅनाकोना अशी सगळी रूपे घ्यावीत. सत्तरीच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये कधी एक ‘टी’ असतो, कधी दोन.

सूत्र तयार झाल्यावर त्याची परीक्षा घ्यावी. विषयातले नक्की हवेत असे आठ-दहा लेख आधीच बाजूला काढून ठेवावेत आणि ते सगळे सापडतात का ते पाहावे. एखादा निसटला तर कोणत्या ओळीमुळे निसटला ते शोधून दुरुस्त करावे. मग दुसऱ्या जाणकाराकडून प्रेस यादीनुसार (शोधसूत्रे तपासण्यासाठीची यादी) सूत्र तपासून घ्यावे. शोधाच्या दिवशी प्रत्येक डेटाबेसचे नाव, मंच, तारीख, सूत्र जसेच्या तसे आणि मिळालेल्या नोंदींचा आकडा एका फाइलमध्ये टाकावा. पबमेडमधून एका वेळी १०,००० पर्यंतच नोंदी उतरवता येतात; आकडा त्याहून मोठा आला तर वर्षांनुसार तुकडे करावेत. खरे तर तेवढा मोठा आकडा प्रश्न पसरट असल्याचेच लक्षण असते. गूगल स्कॉलर पहिल्या १,००० निकालांपलीकडे दाखवत नाही. त्याला मुख्य स्रोत मानू नये, पूरक म्हणून पहिले २०० ते ३०० पाहावेत.

वर्गणी आधी विचारून घ्यावी. सरकारी संस्थेत असाल तर १ जानेवारी २०२५ पासून सुरू झालेल्या ‘वन नेशन वन सबस्क्रिप्शन’मध्ये तुमची संस्था आहे का ते ग्रंथालयात कळेल. ती योजना नियतकालिकांची आहे. तिच्या भरवशावर एम्बेस किंवा स्कोपसही मिळेल असे धरू नये. जो डेटाबेस मिळत नाही त्याचे नाव प्रोटोकॉलमध्ये लिहून नंतर गाळण्यापेक्षा आधीच लिहू नये.

छापील नियतकालिकांबाहेरचे साहित्य गोव्याच्या विषयात फार मोलाचे. शोधगंगेवरचे प्रबंध, सीटीआरआय या भारतीय नोंदवहीतल्या वैद्यकीय चाचण्या, एकात्मिक रोग सर्वेक्षणाचे साप्ताहिक अहवाल, आरोग्य सेवा संचालनालयाची प्रकाशने, पर्वरीच्या नियोजन आणि सांख्यिकी खात्याची पुस्तके हे नेहमीचे स्रोत. सहसा कुणाच्या लक्षात न येणारा स्रोत म्हणजे विधानसभेतल्या प्रश्नोत्तरांचे कागद. तालुकावार रुग्णसंख्या, रिक्त पदे, औषधांचा खर्च अशी माहिती आमदारांच्या प्रश्नांना दिलेल्या लेखी उत्तरांत पडून असते. असे प्रत्येक कागद मिळाल्या दिवशीच उतरवून तारखेसह साठवावेत. सरकारी संकेतस्थळ नव्याने बांधले की जुने दुवे मरतात.

माणसे आणि वेळ यांचा हिशेब कागदावर करावा. चाळायला दोघे, वाद मिटवायला तिसरा, हे किमान. समजा पुनरावृत्ती काढून ३,००० नोंदी उरल्या आणि एका नोंदीला सरासरी एक मिनिट लागले, तर प्रत्येकाचे ५० तास गेले. त्यातल्या पाच टक्के, म्हणजे १५० नोंदी पूर्ण वाचायच्या झाल्या आणि प्रत्येकीला १५ मिनिटे धरली, तर आणखी ३७–३८ तास. शेवटी ६० लेखांचा तक्ता भरायला प्रत्येकी पाऊण तास, म्हणजे ४५. एकूण सव्वाशेच्या वर. वॉर्डची ड्युटी सांभाळून आठवड्याला सहा तास देणाऱ्याला हे २२ आठवडे होतात, आणि यात वादांच्या बैठका नाहीत. वेळापत्रक आखताना चवथीचा आणि नाताळचा आठवडा शून्य धरावा. त्या दिवसांत गोव्यात कुणी गोषवारे चाळत नाही.

पुनरावृत्ती काढायला झोटेरो हे संदर्भ सांभाळायचे सॉफ्टवेअर पुरते, पण यंत्रावर सगळे सोडू नये. भारतीय लेखकांची नावे एका डेटाबेसात आडनावाने, दुसऱ्यात आद्याक्षरांनी येतात, त्यामुळे जोड्या निसटतात. शीर्षकानुसार क्रम लावून एकदा डोळ्यांखालून घालावे, आणि आधीचा-नंतरचा आकडा नोंदवावा, कारण प्रवाहचित्रात तो लागतो. चाळणीला रय्यान किंवा कोव्हिडन्स ही सॉफ्टवेअर; मोफत आवृत्तीच्या मर्यादा आधी पाहाव्यात आणि दोघांना एकमेकांचे निर्णय दिसणार नाहीत अशी मांडणी ठेवावी. खरी चाळणी सुरू करण्यापूर्वी २५ नोंदी यादृच्छिक काढून सगळ्यांनी स्वतंत्र चाळाव्यात. जेबीआयच्या मते ७५ टक्के एकमत झाल्यावरच पुढे जावे. तेवढे झाले नाही तर माणसांना दोष न देता निकषांची भाषा दुरुस्त करावी आणि नव्या २५ घ्याव्यात. पूर्ण लेख वगळण्याच्या कारणांना क्रम लावून ठेवावा, जसे आधी लोक, मग संकल्पना, मग संदर्भ, मग लेखाचा प्रकार. प्रत्येक लेखाला त्यातले पहिले लागू पडणारे एकच कारण. क्रम नसला की दोघे एकच लेख वेगवेगळ्या कारणांनी वगळतात आणि बेरजा जुळत नाहीत.

तक्त्यात लेखक, वर्ष, ठिकाण, उद्देश, लोक, पद्धत, संकल्पनेचे तपशील आणि मुख्य निष्कर्ष हे रकाने असतातच. गोव्यासाठी तालुका, सरकारी की खाजगी केंद्र, आणि सहभागी स्थानिक की स्थलांतरित मजूर हे तीन वाढवावेत. नंतर वाढवायचे म्हणजे सगळे लेख पुन्हा उघडणे. जिथे शक्य तिथे मोकळ्या मजकुराऐवजी ठरीव पर्याय द्यावेत आणि प्रत्येक पर्यायाची व्याख्या वेगळ्या पानावर लिहावी. दोन-तीन लेखांवर दोघांनी तक्ता भरून पाहिल्याशिवाय तो पक्का करू नये. ‘अभ्यास क्रमांक’ असाही एक रकाना हवाच. गोव्यातली नैराश्य आणि चिंतेच्या उपचारांवरची मानस चाचणी पाहा: २४ सरकारी आणि खाजगी केंद्रांत झालेला तो एकच अभ्यास, पण मुख्य निष्कर्ष २०१० साली लॅन्सेटमध्ये, वर्षभराचे निष्कर्ष २०११ साली ब्रिटिश जर्नल ऑफ सायकायट्रीत, खर्चाचा हिशेब २०१२ साली जागतिक आरोग्य संघटनेच्या बुलेटिनमध्ये. लेख मोजले तर तीन, अभ्यास मोजला तर एक. हा रकाना नसला तर गोव्यात भरपूर संशोधन झाल्याचा खोटा नकाशा तयार होतो.

नीतिसमितीचे पत्र शेवटी मागू नये. प्रकाशित साहित्यावरच्या रिव्ह्यूला आयसीएमआरच्या २०१७ च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार सूट मिळू शकते, पण ती सूट समिती देते, संशोधक स्वतः घेत नाही. सल्लामसलतीचा सहावा टप्पा करणार असाल, म्हणजे आशा कार्यकर्त्या, परिचारिका किंवा रुग्णांची मते माहिती म्हणून वापरणार असाल, तर अर्ज वेगळा आणि संमतीपत्र कोकणी-मराठीत लागेल. त्या समितीच्या बैठकीची तारीख वेळापत्रकात सगळ्यात आधी टाकावी. आणि हस्तलिखित पाठवण्याच्या वेळी शेवटच्या शोधाला वर्ष उलटलेले असेल तर शोध पुन्हा घ्यावा लागतो, त्यासाठी तीन आठवडे राखून ठेवावेत आणि जुनी सूत्रे ज्या फाइलमध्ये आहेत तिची प्रत दोघांकडे असावी.