आपल्या माणसांसोबत डॉक्युमेंटरी कशी करायची: इंदूरच्या झांकीवर फिल्म करताना शिकलेलं

अनंत चतुर्दशीच्या रात्री इंदूरला झांक्या, म्हणजे लाईटने सजवलेले फिरते देखावे, निघतात तेव्हा राजवाड्याच्या आसपास जो तो मोबाईल उंच धरून उभा असतो आणि दुसऱ्या दिवशी तेच लाईट, तेच फिरणारे देव सगळ्यांच्या स्टेटसला. ही परंपरा कापड मिलच्या कामगारांची, शंभर वर्षांची, मिल बंद पडून तीस वर्षं होऊन गेली तरी वर्गणी जमवून झांकी निघतेच. पण ती बनवणारी माणसं कोणाच्याच व्हिडिओत नसतात. मला त्यांच्यावर फिल्म करायची होती, दोन भाद्रपद त्यात गेले, आणि जे समजलं ते इथे लिहितेय म्हणजे तुम्हाला तुमच्या गल्लीतल्या विषयावर सुरुवात करता येईल.

आधी स्टाईल ठरवा

बिल निकोल्स या अमेरिकन अभ्यासकाने डॉक्युमेंटरीचे सहा प्रकार मांडलेत. व्याख्या पाठ करण्यापेक्षा एकच विषय सहाही प्रकारांत कसा दिसेल ते बघा. निवेदनवाली फिल्म असेल तर मागून आवाज सांगेल की हुकुमचंद मिल १२ डिसेंबर १९९१ ला बंद झाली, कामगारांच्या थकलेल्या पैशांसाठी वर्षानुवर्षं कोर्टकचेऱ्या चालल्या, डिसेंबर २०२३ मध्ये २२४ कोटींचा चेक निघाला, आणि चित्रं त्याला पुरावा म्हणून येतील. निरीक्षणवाली असेल तर तुम्ही कोपऱ्यात गप्प बसणार, बांबू बांधणं चाललंय ते टिपणार, कोणाला काही विचारणार नाही. काव्यात्म असेल तर नुसते हात, बल्ब, फिरणारी चाकं, पाऊस. आत्मचिंतनवाली फिल्म ती स्वतः कशी बनतेय हेही दाखवते, आणि परफॉर्मेटिव्ह म्हणजे माझे आजोबा मिलमध्ये होते, माझ्या घरात ती मिल कशी राहिली, असं स्वतःला मधे ठेवून सांगणं.

सहावी सहभागी. यात तुम्ही प्रश्न विचारता, तुमचा आवाज ऐकू येतो, कधी तुम्ही फ्रेममध्येही येता, आणि तुम्ही तिथे आहात म्हणूनच काही गोष्टी घडतात हे लपवत नाही. पॅरिसमध्ये १९६० च्या उन्हाळ्यात ज्याँ रूश आणि एडगर मोराँ या फ्रेंच जोडीने 'क्रॉनिकल ऑफ अ समर' या फिल्ममध्ये हेच केलं, रस्त्यावर लोकांना माईक लावून विचारलं, "तुम्ही सुखी आहात का?" आणि शेवटी फिल्ममधल्याच माणसांना ती दाखवून त्यांचं भांडणसुद्धा फिल्ममध्ये ठेवलं. हलका कॅमेरा आणि सोबत चालणारं साउंड रेकॉर्डिंग तेव्हा नुकतं जमायला लागलं होतं, त्याशिवाय हे झालं नसतं.

सहभागी व्हिडिओ म्हणून अजून एक गोष्ट आहे, तिच्यात कॅमेराच लोकांच्या हातात असतो. अहमदाबादला सेवा या कष्टकरी बायकांच्या संघटनेत १९८४ पासून भाजी विकणाऱ्या, मजुरी करणाऱ्या बायका व्हिडिओ शिकल्या, त्यातल्या कितीतरी जणींना वाचता येत नव्हतं. मी दोन्ही मिसळलं आणि पहिल्यांदा करणाऱ्याने मिसळायला काहीच हरकत नाही.

पहिले काही दिवस कॅमेरा घरी

खरंच घरी. मी आठ दिवस नुसती जाऊन बसले, चहा प्यायले, सुतळी कापून दिली. कोण बोलतं, कोण बोलत नाही, कोणाचं कोणाशी पटत नाही हे याच दिवसांत कळतं. पहिल्याच दिवशी फोन काढला तर सगळे भाषण देतात.

परवानगी एकदा नाही, तीनदा

शूटिंगच्या आधी, एडिट झाल्यावर, आणि बाहेर दाखवायच्या आधी. कागदावर सही घ्या आणि कॅमेऱ्यावर तोंडीही घ्या: फिल्म कुठे दाखवणार, इंटरनेटवर जाणार का, पैसे मिळणार आहेत का, आणि नंतर नको वाटलं तर काढता येईल हे स्पष्ट सांगून. लहान मुलं असतील तर आईवडिलांची परवानगी. एका काकांनी सही केली आणि चार महिन्यांनी म्हणाले, माझ्या उधारीची गोष्ट काढ. काढली. सीन चांगला होता, तरीही.

सामान

फोन चालतो. पैसे खर्च करायचे तर कॉलर माईकवर करा, कारण चित्र थोडं खराब असलं तरी माणूस बघतो, आवाज खराब असला की उठून जातो. फोन फ्लाईट मोडवर टाका. ट्यूबलाईटखाली शूट करत असाल तर २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा, आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे, नाहीतर चित्र लपलप करतं. फोकस आणि एक्सपोजर लॉक करा. पंखा, फ्रीज बंद करायला सांगा (आणि निघताना फ्रीज परत चालू करायची आठवण ठेवा). प्रत्येक जागेचा अर्धा मिनिट नुसता शांत आवाज रेकॉर्ड करा, एडिटमध्ये जोड लपवायला लागतो. मिरवणुकीत डीजेवर सिनेमाची गाणी वाजतात, ती फिल्ममध्ये आली की कॉपीराइटची अडचण होते, म्हणून आखाड्याच्या ढोलांचा आवाज वेगळा घेऊन ठेवा. रोज रात्री दोन ठिकाणी कॉपी.

प्रश्न

"मिल बंद झाली तेव्हा कसं वाटलं?" विचारलं की उत्तर येतं, "वाईट वाटलं." संपलं. त्याऐवजी मी विचारलं, "भोंगा वाजला की घरात आधी काय व्हायचं?" आणि मावशी वीस मिनिटं बोलल्या, डबा, स्टोव्ह, सासऱ्यांची चप्पल, सगळं आलं. वस्तू हातात द्या, जुना बिल्ला, डबा, फोटो, वस्तू हातात असली की माणूस तुमच्याकडे बघायचं सोडतो आणि मोकळं बोलतो. उत्तर संपलं असं वाटलं तरी मनात पाच आकडे मोजा, खरी गोष्ट बऱ्याचदा त्यानंतर येते. आणि लोक मराठीत सुरू करून हिंदीत संपवतात, आपल्या इंदूरला तसंच बोलतात, त्यांना थांबवून शुद्ध बोलायला लावू नका.

कॅमेरा त्यांच्याकडे द्या

दोन तास शिकवणं पुरतं: आडवा धरा, दहा सेकंद हलवू नका, बोलणाऱ्याच्या जवळ जा. मग विषय देऊन सोडा, "तुमच्या घरातली मिल दाखवा." मी भिंतीवरचे फोटो येतील म्हणून वाट बघत होते. एका मुलीने आजोबांचा डावा कान शूट करून आणला, आणि मागून तिचाच आवाज, की आजोबांना या कानाने ऐकू येत नाही, लूमच्या, म्हणजे मागाच्या, आवाजाने गेला. मी त्या घरी दहा वेळा गेले होते आणि आजोबांच्या डाव्या बाजूला बसूनच प्रश्न विचारत होते.

एडिटच्या मधेच दाखवा

सगळ्यात महत्त्वाची पायरी हीच आणि बहुतेक जण ती शेवटाला ढकलतात. कॅनडात १९६७ मध्ये फोगो नावाच्या बेटावर कॉलिन लो यांनी मच्छीमारांच्या छोट्या छोट्या फिल्म केल्या, सरकार त्या लोकांना दुसरीकडे हलवायच्या विचारात होतं. त्या फिल्म आधी बेटावरच्याच गावागावांत दाखवल्या, लोकांना कळलं की आपल्या सगळ्यांची अडचण एकच आहे, मग त्या सरकारकडे गेल्या. लोक बेटावरच राहिले, त्यांची सहकारी संस्थाही उभी राहिली.

मी सगळी बोलणी कागदावर उतरवली, चिठ्ठ्या कापून जमिनीवर मांडल्या, क्रम लावला आणि मगच कॉम्प्युटरवर बसले (डाविंची रिझॉल्व्ह हे एडिटिंगचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, पुरेसं आहे). चाळीस मिनिटांचा कच्चा कट झाला. शेवटी एक काका मिलच्या गेटसमोर उभे राहून रडतात असा शॉट ठेवला होता, माझ्या मते फिल्म तिथेच पूर्ण होत होती. इंदूरच्याच परदेशीपुऱ्यात, त्या काकांच्या ओसरीत चादर लावून कट दाखवला. संपल्यावर कोणी काही बोलेना, मग त्यांची मुलगी म्हणाली, "ताई, बाबा मिलसाठी नाही रडले. त्या दिवशी आईचं वर्षश्राद्ध होतं. आई त्याच गेटवर डबा घेऊन यायची."

मी विचारलंच नव्हतं. रडणं दिसलं आणि त्याचा अर्थ मीच लावून टाकला. शॉट काढते म्हटलं तर काका नको म्हणाले, "राहू दे, पण कशाला रडलो ते मला सांगू दे." फोन तिथेच होता, चालू केला. त्यांनी लॅपटॉपवर स्वतःला बघत बघत सांगितलं, मधे दोनदा थांबवायला लावलं, एकदा मागे न्यायला लावलं. फिल्मचा शेवट आता तो आहे, त्यात माझाही आवाज आहे, "काका, मला हे माहीत नव्हतं" म्हणणारा.

म्हणून कच्चा कट दाखवायला जाताना फोन आणि माईक चार्ज करून न्या, तेव्हाही शूटिंग होणार आहे हे आधी सांगून ठेवा, आणि कट असा ठेवा की अर्धा मोडावा लागला तरी तुमचा जीव तुटणार नाही. पूर्ण झालेली फिल्म आधी त्यांच्या गल्लीत लावा, प्रत्येक घरी एक पेन ड्राइव्ह द्या, त्यात त्या घरचं न वापरलेलं शूटिंगही टाका. काकांच्या घरी मी गेटवरचं सगळं शूटिंग दिलं, बावीस मिनिटांचं.