कितोमध्ये दिवसभराचा खासगी गाइड घेताय? आधी सुट्टे डॉलर घ्या

पासपोर्ट, व्हिसा, विमा यांवर मी वेळ घालवत नाही. दक्षिण अमेरिकेपर्यंत जाणाऱ्या माणसाला ते कळतं. प्लग अमेरिकन, चपट्या पात्यांचा. मोबाइलचा चार्जर चालतो, पण वीज ११०-१२० व्होल्टची असल्यामुळे घरून नेलेल्या किटलीत चहाचं पाणी उकळायला फार वेळ लागतो. झालं. आता मुद्द्याचं.

इक्वेडोरची राजधानी कितो एका दिवसात गाडी आणि गाइड घेऊन बघायची असेल, तर सगळ्यात आधी सुट्टे डॉलर जमवा. मागच्या खेपेला आम्ही बॅगेत थेपले, मेथकूट, गुडघ्याचे पट्टे, दोन छत्र्या असं सगळं नेलं आणि सुट्टे नेले नाहीत. त्यामुळे या यादीत सुट्ट्यांचा विषय पुन्हा पुन्हा येणार आहे. कंटाळा आला तरी वाचा.

इक्वेडोरने २००० साली स्वतःचं चलन सोडून अमेरिकन डॉलर घेतला. आपल्याला वाटतं, वा, सोपं झालं. इथेच फसगत होते. पुण्या-मुंबईचा परकीय चलनवाला शंभराच्या कोऱ्या करकरीत नोटा पाकिटात घालून देतो आणि आपण खूश होऊन घरी येतो. कितोमध्ये ती शंभराची नोट छोटी दुकानं, टॅक्सीवाले, तिकीट खिडक्या हातात घेत नाहीत. पन्नासाचीही तीच गत. खोट्या नोटांची भीती असते आणि परत द्यायला गल्ल्यात तेवढे पैसेही नसतात. वीस डॉलर दिले तरी ‘तिएने सुएल्तो?’ म्हणजे सुट्टे आहेत का, हे ऐकू येतंच. म्हणून चलनवाल्याला आठवडाभर आधी सांगून एक, पाच आणि दहाच्या नोटा मागा. ‘नाहीयेत’ म्हणाला तर दुसरीकडे जा. ‘तिथे मिळतील हो’ असं म्हणाला तर त्याच्यावर विश्वास ठेवू नका. फाटलेली, चिकटपट्टी लावलेली किंवा पेनाने आकडा लिहिलेली नोट घेऊ नका, तीही परत येते.

आता गाइड ठरवताना काय विचारायचं ते. खासगी सहल म्हणजे सगळं आलं असं आपण धरून चालतो. तसं नसतं. बहुतेक वेळा भाड्यात गाडी, चालक आणि गाइड एवढंच येतं. चर्च, संग्रहालय, केबल कार, विषुववृत्ताचं स्मारक यांची तिकिटं आणि जेवण वेगळं. हे लेखी विचारून घ्या आणि प्रत्येक ठिकाणचं तिकीट किती ते कागदावर मांडा, म्हणजे सुट्टे किती लागतील तेही कळेल. गाइड परवानाधारक आहे का आणि इंग्रजी कितपत बोलतो, हे आधी फोनवर बोलून बघा. चालक आणि गाइड वेगवेगळे असतील तर जरा जास्त पैसे गेले तरी चालतील. जुन्या शहराच्या अरुंद गल्ल्यांत गाडी लावायला जागा नसते, आणि एकच माणूस असेल तर निम्मा वेळ तो पार्किंगच्या मागे असतो. कितोमध्ये कामाच्या दिवशी ‘पिको इ प्लाका’ हा नियम असतो, म्हणजे नंबरप्लेटच्या शेवटच्या आकड्याप्रमाणे ठरावीक वारी गर्दीच्या तासांत गाडी रस्त्यावर आणता येत नाही. ‘तुमच्या गाडीला त्या दिवशी बंदी नाही ना?’ हा प्रश्न भोचक वाटला तरी विचारा.

वार बघा. सोमवारी बरीच संग्रहालयं बंद असतात. रविवारी सायकलवाल्यांसाठी शहराचे मुख्य रस्ते बंद करतात आणि चर्चमध्ये प्रार्थना चालू असते, त्यामुळे आत नीट फिरता येत नाही. मंगळवार ते शुक्रवारातला एखादा दिवस धरा.

उंची हा विषय गमतीवारी नेऊ नका. कितो २८५० मीटरवर आहे, महाबळेश्वरच्या दुपटीहून जास्त. विमानतळ ताबाबेलाला, शहराहून खाली आहे, त्यामुळे उतरल्यावर काही वाटत नाही. त्रास सुरू होतो हॉटेलचा जिना चढताना. पोहोचल्याच्या दुसऱ्या दिवशी सहल ठेवू नका, मध्ये निदान एक पूर्ण दिवस आरामाचा काढा. त्या दिवशी पाणी भरपूर, जेवण हलकं, दारू नाही. भारताहून घड्याळ साडेदहा तास मागे असतं, त्यामुळे तसंही पहाटे तीनला टक्क जाग येणार आहे. रक्तदाबाच्या किंवा हृदयाच्या गोळ्या चालू असतील तर निघण्याआधी डॉक्टरांना विचारा. व्हॉट्सॲपवर आलेली गोळी घेऊ नका.

आणि हा आरामाचा दिवस नोटा मोडायला वापरा! मोठ्या सुपरमार्केटमध्ये जा, पाणी-बिस्किटं घ्या, वीसची नोट द्या, सुट्टे घेऊन या. एटीएममधून बहुतेक वीस-दहाच निघतात, त्यासुद्धा तिथेच मोडा. एक डॉलरची नाणी मिळाली तर नको म्हणू नका, इक्वेडोरमध्ये ती सर्रास चालतात. त्यापेक्षा छोटी नाणी काही अमेरिकन असतात, काही इक्वेडोरची स्वतःची. दोन्ही चालतात आणि दोन्ही लागतात. का, ते पुढे येईलच.

कपडे. विषुववृत्त म्हणजे उकाडा असं समजून सुती कपडे भरू नका. सकाळी स्वेटर, अकराला अर्ध्या बाह्या, दोनला पाऊस, संध्याकाळी पुन्हा स्वेटर. जून ते सप्टेंबर त्यातल्या त्यात कोरडा, बाकी महिन्यांत दुपारचा पाऊस धरूनच चला. एका जाड कोटापेक्षा तीन पातळ थर बरे. ऊन अंगाला लागत नाही, पण ढगातूनही भाजतं. विषुववृत्त आणि वरून एवढी उंची, त्यामुळे अतिनील किरणं फार तीव्र असतात. टोपी, गॉगल, सनस्क्रीन. कानाच्या पाळ्यांना आणि मानेलाही लावा. बूट घसरणारे नकोत, जुन्या शहरात दगडी फरसबंदी आणि चढउतार आहेत.

क्रम गाइडवर सोडू नका. शहर दक्षिणोत्तर लांबलचक आणि पूर्व-पश्चिम अगदी चिंचोळं आहे. चुकीच्या क्रमाने फिरलात तर दिवस गाडीत जातो. माझं मत असं की सकाळी पहिली केबल कार. तेलेफेरिको नावाची ही केबल कार पिचिंचा ज्वालामुखीच्या उतारावर सुमारे ३१०० मीटरवरून सुमारे ३९५० मीटरवर नेते. सकाळी आकाश मोकळं असलं तर ५८९७ मीटर उंचीचा कोतोपाक्सी ज्वालामुखी दिसतो. दुपारी वर गेलात तर पांढरा ढग दिसतो, तेवढ्याच पैशांत. वर भरभर चालू नका, डोकं जड झालं की खाली या, फोटो राहिले तर राहू देत. तिथून पुढे पायवाट रुकू पिचिंचाच्या शिखराकडे जाते, ती या दिवसाचं काम नाही.

मग जुनं शहर. १९७८ साली युनेस्कोने जागतिक वारशाची पहिलीच यादी केली तेव्हा त्यातल्या बारा ठिकाणांत कितो होतं. इथे दोन तासांत उरकायचं म्हणाल तर गाइड हो म्हणेल, तुम्ही म्हणू नका. निदान तीन-साडेतीन तास ठेवा. ला कोम्पान्यिया हे जेझुइट या ख्रिस्ती धर्मगुरूंच्या पंथाचं चर्च १६०५ पासून जवळजवळ १६० वर्षं बांधत होते. आतून भिंती, कमानी, छत सगळं सोन्याच्या वर्खाने मढवलेलं आहे. फोटो काढत बसू नका, फोन खिशात ठेवा आणि मान वर करून बघा. सान फ्रान्सिस्को चर्चच्या मुख्य वेदीवर शिल्पकार लेगार्दाने १७३४ मध्ये घडवलेली पंखवाली मेरी आहे. ती नीट बघून घ्या, कारण दुपारी टेकडीवर तिचंच ॲल्युमिनियमचं प्रचंड रूप दिसणार आहे. बासिलिका देल वोतो नासिओनाल या चर्चच्या भिंतींवर राक्षसांच्या तोंडांऐवजी इगुआना म्हणजे मोठे सरडे, कासवं, अंगावर कवच असलेले आर्माडिलो असे प्राणी बसवलेत, मुलांना सोबत घेऊन ते मोजायला लावा. मनोऱ्यात वर जायला शेवटी अरुंद शिड्या आहेत. साडी किंवा घेरदार स्कर्ट नको, आणि उंचीची भीती असलेल्यांनी खाली कॉफी प्यावी.

सुट्टे. हो, परत. यातल्या जवळजवळ प्रत्येक ठिकाणी वेगळी तिकीट खिडकी आहे, दोन-चार डॉलरांची तिकिटं आहेत आणि खिडकीतला माणूस सकाळी दहा वाजता शंभराची नोट मोडून देणार नाही. एका चर्चबाहेर माझे सासरे ती नोट धरून उभे होते, मागे शाळेच्या मुलांची रांग. शेवटी गाइडने स्वतःच्या खिशातून भरले आणि दिवसभर भरतच राहिला. तो काही बोलला नाही, पण दुपारच्या जेवणाला आम्हीच त्याच्याशी नीट बोलू शकलो नाही. संध्याकाळी हॉटेलच्या काउंटरवर हिशेब झाला, तोही तिथे सुट्टे नसल्यामुळे अर्धवट. घरून निघतानाच माणशी एका छोट्या पाकिटात एक-पाचच्या नोटा वेगळ्या काढल्या असत्या तर हे टळलं असतं. प्रत्येकाकडे वेगळं पाकीट, फक्त कर्त्या पुरुषाकडे नको. तो नेमका स्वच्छतागृहात असतो तेव्हाच तिकीट काढायचं असतं.

स्वच्छतागृहावरून आठवलं. सार्वजनिक ठिकाणी नाणं द्यावं लागतं, म्हणून मघाशी छोटी नाणी जपा म्हटलं. कागद बाहेरच तोडून देतात किंवा नसतोच, तेव्हा टिश्यू जवळ हवेत. वापरलेला कागद टोपलीत टाकायचा, भांड्यात नाही. पाण्याची सोय नसते. रिकामी छोटी बाटली बॅगेत असू द्या, एवढं सांगितलं की आपल्या माणसांना कळतं.

जेवण. शाकाहारी असाल तर ‘सिन कार्ने’ म्हणजे मांस नको, एवढ्यावर थांबू नका, कोंबडी ही ‘कार्ने’ नाही असं समजून ताटात येते. ‘नि पोयो, नि पेस्कादो’ म्हणजे कोंबडी नको, मासे नकोत, हेही म्हणा, आणि सूप कशाच्या पाण्यात केलंय ते गाइडला विचारायला लावा. लोक्रो दे पापा हे बटाटा-चीजचं दाट सूप, वर ॲव्होकाडो. थंडीत फार छान लागतं. यापिंगाचो म्हणजे चीज भरलेली बटाट्याची टिक्की, पण बरोबर सॉसेज असतं, ते काढायला सांगा. चोचोस म्हणजे भिजवून शिजवलेले पांढरे दाणे, भाजलेल्या मक्याबरोबर रस्त्यावर मिळतात आणि आपल्या जिभेला लगेच पटतात. आही नावाची मिरचीची चटणी मागून घ्या, नाहीतर सगळं सपक वाटेल. रस्त्यावरच्या खाण्याला काय लागतं? सुट्टे.

दुपारी एल पानेसियो टेकडी. पायऱ्यांनी चढू नका, वाटेत लुटालूट होते. गाडीनेच वर जा आणि गाडीनेच खाली या. गळ्यातली साखळी, मंगळसूत्र त्या दिवशी हॉटेलच्या तिजोरीत ठेवा. फोन हातात धरून रस्त्याच्या कडेला उभं राहू नका. पासपोर्टची प्रत खिशात पुरते, फक्त राष्ट्राध्यक्षांचा कारोन्देलेत राजवाडा आतून बघायचा असेल तर मूळ पासपोर्ट लागतो, त्याची नोंदणीही आधी करावी लागते, ते गाइडकडून करवून घ्या.

मग उत्तरेला मितात देल मुंदो, म्हणजे विषुववृत्ताचं स्मारक, शहरापासून साधारण २६ किलोमीटर. रस्त्यात गर्दी असते, दीड तास धरा. तीस मीटर उंची आणि त्यातून जाणारी पिवळी रेघ. खरं विषुववृत्त तिथून सुमारे २४० मीटरवर आहे, जीपीएसवर बघा. १७३६ च्या सुमारास फ्रेंच शास्त्रज्ञ मोजणीला आले होते, त्यांच्या साधनांच्या मानाने ही चूक किरकोळच. शेजारच्या इन्तिन्यान संग्रहालयात खिळ्यावर अंडं उभं करून दाखवतात आणि रेघेच्या दोन बाजूंना पाणी उलटसुलट फिरतं असंही दाखवतात. मजा म्हणून बघा, मुलांना विज्ञान म्हणून सांगू नका. तिकीट इथेही वेगळं. पाकीट तपासा.

संध्याकाळी ला रोन्दा गल्ली, दालचिनी घातलेलं गरम कानेलासो, पण दारू आहे त्यात. पाय दुखत असतील तर सोडून द्या.

गाइडची आणि चालकाची बक्षिशी सकाळीच दोन वेगळ्या पाकिटांत घालून ठेवा. हॉटेलपाशी उतरताना शंभराची नोट काढून ‘दोघांत वाटून घ्या’ म्हणू नका.

इक्वेडोरची नाणी बाहेर कुठे चालत नाहीत, निघण्याआधी पाणी-चॉकलेट घेऊन संपवा. विमानतळापर्यंत पोहोचायलाच तास-दीड तास धरून निघा.

पिवळ्या तापाच्या लसीचं कार्ड हातातल्या बॅगेत. इक्वेडोर सोडून सहा दिवसांच्या आत भारतात उतरलात आणि कार्ड नसलं तर सहा दिवसांपर्यंत विलगीकरणात ठेवू शकतात. लस निघण्याच्या निदान दहा दिवस आधी, साठीच्या पुढच्यांनी डॉक्टरांना विचारून.