स्टारड्यू व्हॅलीचे संग्रहालय: आधी ६०, मग ९५

रत्नागिरीत आषाढाचा पाऊस लागला की चार-चार दिवस अंगणापलीकडे जाववत नाही, आणि मग माझी भाची आपला मुक्काम स्टारड्यू व्हॅलीतल्या शेतावर हलवते. एरिक बॅरोन याने एकट्याने घडवलेला आणि २६ फेब्रुवारी २०१६ रोजी प्रसिद्ध झालेला हा खेळ शेतीचा म्हणून ओळखला जातो. परंतु त्यातील पेलिकन टाउन या गावाचे संग्रहालय भरणे हे शेतीइतकेच मोठे काम आहे, आणि त्याची बक्षिसे शेतीलाच उपयोगी पडतात. बहुतेक खेळाडू हे काम अडगळीसारखे मागे टाकतात, दोन वर्षांनी आठवण झाल्यावर घाईने संपवायला जातात आणि शेवटचे बक्षीस हातात आल्यावर ‘एवढ्यासाठी का?’ असे म्हणतात. संग्रहालयाची खरी कमाई शेवटी नसून वाटेत आहे, ती कशी मिळवावी याची ही माहिती आहे.

संग्रहालयात एकूण ९५ वस्तू द्यायच्या असतात, त्यांपैकी ४२ पुरावस्तू आणि ५३ खनिजे. प्रत्येक वस्तूचा एकच नग स्वीकारला जातो आणि एकदा दिलेली वस्तू परत मिळत नाही. सकाळी ८ ते संध्याकाळी ६ या वेळेत गुंथर हा व्यवस्थापक तेथे उभा असतो. वस्तू मांडून झाल्या की त्याच्याशी पुन्हा बोलून बक्षीस मागून घ्यावे लागते. ते आपोआप पिशवीत येत नाही, म्हणून जाताना पिशवीत दोन-तीन जागा मोकळ्या ठेवाव्यात.

सुरुवातीची बक्षिसे बियाण्यांची आहेत. ५ वस्तूंवर फ्लॉवरची ९ बियाणी, १० वस्तूंवर खरबुजाची ९, १५ वस्तूंवर स्टारफ्रूटचे एक आणि ३५ वस्तूंवर भोपळ्याची ९ बियाणी मिळतात. येथे हंगामाचे भान ठेवले तर फायदा होतो. खेळातला प्रत्येक ऋतू २८ दिवसांचा असतो आणि फ्लॉवरला १२ दिवस लागतात. त्यामुळे पहिल्या वसंतात १६ तारखेच्या आत ५ वस्तू दिल्या तरच ते बियाणे त्या ऋतूत पिकते. मुदत टळली तर बी पेटीत ठेवून द्यावे, ते खराब होत नाही. मधली २० ते ३० वस्तूंची बक्षिसे म्हणजे दोन चित्रे आणि एक भलेमोठे अस्वलाचे बाहुले. घर सजवण्याची आवड असणाऱ्यांनी त्यांचा आनंद घ्यावा, इतरांनी पुढे चालावे.

४० वस्तूंवर एक दुर्मिळ बुजगावणे मिळते, आणि केवळ पुरावस्तूंची संख्या २० झाली की आणखी एक. खेळात अशी एकूण ८ बुजगावणी आहेत. ती सर्व जमल्यावर जास्त क्षेत्र राखणारे मोठे बुजगावणे तयार करण्याची कृती हाती लागते. साधे बुजगावणे जमिनीच्या ८ चौकोनी घरांपर्यंत कावळ्यांना अडवते, मोठे १६ घरांपर्यंत. आठांपैकी दोन संग्रहालयातूनच येत असल्यामुळे हा टप्पा वगळून चालत नाही.

आता ६०चा टप्पा. साठावी वस्तू दिल्यानंतर गुंथर दुसऱ्या दिवशी सकाळी स्वतः शेतावर येतो आणि एक गंजलेली किल्ली देतो. ही किल्ली गावाखालच्या भुयारी गटाराची आहे. नाव ऐकून नाक मुरडू नये, कारण माझ्या मते संपूर्ण संग्रहालयातील सर्वांत मोलाचे बक्षीस हेच आहे. गटारात क्रोबस नावाचा एक सावलीसारखा, भिडस्त प्राणी दुकान मांडून बसलेला असतो. तो शुक्रवारी बोलत नाही, मात्र त्याच दिवशी त्याच्याकडे इरिडियमचे तुषार सिंचन यंत्र १०,००० ला (खेळातल्या नाण्यांत) विकायला असते. झारी घेऊन पहाटे शेतभर फिरण्याचे कष्ट ज्याने काढले आहेत, त्याला त्या यंत्राची किंमत वेगळी सांगायला नको.

क्रोबसकडे याहून मोठी वस्तू म्हणजे स्टारड्रॉप. हे जांभळे फळ खाल्ले की पात्राची कमाल शक्ती कायमची ३४ ने वाढते. खेळात अशी ७ फळे आहेत आणि ती सर्व मिळाली तर मुळातली २७० ची शक्ती ५०८ पर्यंत जाते. संग्रहालय पूर्ण केल्याबद्दल मिळणारे अंतिम बक्षीसही स्टारड्रॉपच आहे. परंतु क्रोबस तेच फळ २०,००० ला विकतो, म्हणजे ६० वस्तूंवर किल्ली मिळवणाऱ्याला ९५ ची वाट न पाहता एक स्टारड्रॉप घेता येतो. शिवाय सर्व जातींचे मासे पकडल्याबद्दलही एक स्टारड्रॉप आहे आणि त्या यादीतला म्युटंट कार्प हा मासा फक्त याच गटारात सापडतो. थोडक्यात, ७ पैकी ३ स्टारड्रॉप कोठे ना कोठे संग्रहालयाशी जोडलेले आहेत. म्हणूनच नव्या खेळाडूला मी ९५ चा आकडा सांगत नाही, ६० चाच सांगते.

साठ गाठण्यासाठी दुर्मिळ वस्तूंच्या मागे लागण्याची गरज नाही. आधी खनिजे घ्यावीत, कारण खाणीत जाणाऱ्याच्या वाटेत ती येतातच. ५३ पैकी ८ रत्ने आणि ४ खाणीत पडलेली सापडणारी खनिजे सोडली तर उरलेली जिओड नावाच्या पोकळ दगडांतून निघतात. आमच्या जांभ्यात असे काही सापडत नाही. देशावरच्या काळ्या पाषाणाच्या पोकळ्यांत मात्र स्फटिकांची अशीच दाटी असते, त्यामुळे ही कल्पना आपल्याला अगदी परकी वाटू नये. साधे, गोठलेले आणि लाव्ह्याचे जिओड खाणीच्या वरच्या, मधल्या आणि खालच्या थरांत मिळतात, तर ओम्नी जिओडमध्ये या तिन्हींतली खनिजे निघू शकतात. क्लिंट लोहार ते २५ ला एक या दराने फोडून देतो. त्याचे दुकान सकाळी ९ ते दुपारी ४ उघडे असते आणि संग्रहालय शेजारीच आहे. तेव्हा आठवड्यातला एक दिवस ठरवून दुपारी ४ च्या आत जिओड फोडावेत आणि तसेच चालत गुंथरकडे जावे. फोडून निघालेले खनिज घरी नेऊन पेटीत टाकले की ते दोन महिने तेथेच पडून राहते, हा माझा स्वतःचा अनुभव.

पुरावस्तूंसाठी कुदळ लागते. जमिनीतून वळवळणाऱ्या तीन काड्या दिसल्या की तेथे कुदळ मारावी. हिवाळ्यात अशा जागा अधिक दिसतात आणि शेतात काम कमी असते, म्हणून तो ऋतू पूर्णपणे याच कामाला द्यावा. जागेप्रमाणे वस्तू बदलतात: जहाजाचा नांगर, वाळलेला तारामासा, काचेचे तुकडे आणि नॉटिलसचा जीवाश्म समुद्रकिनारी, फुटका अँफोरा (दोन कानांचा रांजण) गावात, कोंबडीची मूर्ती स्वतःच्या शेतात, तर सोन्याचा मुखवटा आणि सोन्याचा अवशेष वाळवंटात. मासेमारीत वर येणाऱ्या पेट्यांतूनही पुरावस्तू मिळतात. किनाऱ्यावर वाढलेल्या माणसाला गळ टाकून बसण्याचा कंटाळा नसतो, ही आमची जमेची बाजू. (खऱ्या सड्यावर असे खणू नये, हेही भाचीला सांगून ठेवले आहे, राजापूरकडची कातळशिल्पे जागची हलवण्यासाठी नाहीत.)

येथे एक नियम पाळावा: कोणत्याही वस्तूचा पहिला नग संग्रहालयाला, दुसऱ्यापासून पुढे विक्री. खेळातील संग्रहाची यादी फसवते, कारण तीत सापडलेली वस्तू उजळलेली दिसते, ती दिली की विकली हे तीवरून ठरवू नये.

‘आत्या, हा हिरवा दगड आपल्याकडे आहे, विकू ना?’ असे भाचीने विचारले की माझे उत्तर ठरलेले असते.

‘आहे ते कळलं, दिलाय का ते बघ.’

देण्यासाठी गुंथरशी बोलून पाहणे हा सर्वांत खात्रीचा मार्ग आहे. पिशवीतली जी वस्तू अजून दिलेली नाही तीच तेथे उचलता येते. आम्ही याशिवाय एक जुनी वही ठेवली आहे.

या नियमाला दोन अपवाद आहेत आणि ते पाठ करावेत. पहिला डायनासोरच्या अंड्याचा. हे अंडे पुरावस्तू म्हणून देता येते, पण मोठ्या खुराड्यातल्या उबवणी यंत्रात ठेवले तर त्यातून डायनासोर निघतो आणि मोठा झाल्यावर तो दर ७ दिवसांनी अंडे घालतो. मी माझे पहिले अंडे भाबडेपणाने गुंथरच्या मेजावर ठेवले आणि दुसरे मिळायला खेळातली दीड वर्षे गेली. आधी उबवावे, मग त्याचेच अंडे द्यावे. दुसरा अपवाद प्रिझमॅटिक शार्ड या दुर्मिळ सप्तरंगी रत्नाचा. पहिला शार्ड वाळवंटातल्या तीन खांबांच्या मधोमध उभे राहून वर धरला की गॅलेक्सी तलवार मिळते. खाणीत खोल उतरण्यासाठी ती लागते, आणि खोल उतरल्यावर दुसरा शार्ड मिळण्याची शक्यताही वाढते. संग्रहालय दुसऱ्यासाठी थांबेल.

याउलट, एक वस्तू अशी आहे की ती मिळाल्यावर त्याच दिवशी धावत जाऊन द्यावी. ती म्हणजे प्राचीन बी. ते खणताना जंगलात किंवा डोंगरात सापडते आणि खाणीतले किडे मारतानाही क्वचित पडते. हे बी जसे सापडते तसे पेरता येत नाही. गुंथरला दिले की तो बदल्यात पेरण्याजोगे बी देतो आणि पुढच्या प्राचीन बियांपासून बियाणे तयार करण्याची कृतीही देतो. त्याचे झाड वाढायला २८ दिवस घेते आणि मग दर ७ दिवसांनी फळ देते. हिवाळ्याखेरीज तिन्ही ऋतूंत ते टिकते, हरितगृहात तर वर्षभर. फळाची मूळ किंमत ५५०, आणि पिंपात घालून वाइन केली तर तिप्पट. फळापासून पुन्हा बी करता येत असल्यामुळे एका झाडाचे वर्षभरात हरितगृह भरते. हापूसच्या एका चांगल्या कलमावरून बाग उभी करणाऱ्यांना हे गणित समजावून सांगावे लागत नाही. शेवटच्या स्टारड्रॉपपेक्षा या एका बियेने माझ्या शेताला अधिक दिले, असे मी निःसंकोच म्हणेन.

बटूंच्या (खुज्या ‘ड्वार्फ’ लोकांच्या) चार गुंडाळ्यांचेही असेच महत्त्व आहे. त्या खाणीच्या निरनिराळ्या थरांत मिळतात. चारही दिल्यावर बटूंच्या भाषेची मार्गदर्शिका मिळते आणि खाणीच्या तोंडाशी मोठ्या दगडामागे राहणाऱ्या बटूशी बोलता येते. तो दगड पोलादी टिकावाने किंवा बॉम्बने फुटतो. बटूकडे बॉम्ब विकत मिळतात, आणि बॉम्ब असले की जिओड भराभर जमतात. एक बक्षीस दुसऱ्याला असे हात देते.

साठनंतरची वाट मात्र रखडते आणि बक्षिसेही मधल्या काळात बेताची आहेत. ७० वर एस्प्रेसोचे ३ पेले, ८० वर शेतावर क्षणात परत आणणारे ५ टोटेम. ९० वर मिळणारी जादूची खडीसाखर मात्र जपून ठेवावी. तिने खाणकाम, नशीब, वेग, मारा आणि बचाव हे सर्व एकदम वाढते, आणि वाळवंटातल्या व्यापाऱ्याकडे तिच्यासाठी ३ प्रिझमॅटिक शार्ड मोजावे लागतात. नशीब चांगले असलेल्या दिवशी, सकाळीच वाळवंटातल्या कवटीच्या गुहेत (स्कल कॅव्हर्न) उतरून ती खावी. सहज चव पाहण्यासाठी खाण्याची ती गोष्ट नाही.

शेवटच्या दहा-पंधरा वस्तूंमध्ये जवळजवळ सगळ्या पुरावस्तूच उरतात. येथे खणत फिरण्यापेक्षा वाळवंटातल्या त्याच व्यापाऱ्याकडे जावे. ५ ओम्नी जिओडच्या बदल्यात तो एक पुरावस्तूंची पेटी देतो आणि क्लिंट ती नेहमीच्या २५ मध्ये उघडतो. तिच्यात सगळ्याच उरलेल्या वस्तू निघत नाहीत, जीवाश्मांसाठी कुदळ चालवावीच लागते, तरीही यादी लवकर आखूड होते. वाळवंटात जाण्यासाठी बस दुरुस्त झालेली असावी लागते, त्यामुळे तिचे ४२,५०० आधी बाजूला काढावेत.

कोकणातल्या खेळाडूंसाठी एक सूचना वेगळी. संगणकावर हा खेळ पात्र रात्री झोपल्यावरच नोंद करून ठेवतो. मिरगाच्या पहिल्या वाऱ्यात वीज गेली आणि भाचीने एका दिवसात फोडलेले ११ जिओड, त्यांतून निघालेल्या दोन नव्या खनिजांसह, पाण्यात गेले. ढग दाटून आले असतील तर क्लिंटकडून गुंथरकडे जाऊन, पात्राला दुपारीच अंथरुणात घालावे. तिच्या वहीत सध्या ९३ खुणा आहेत. पिवळी विचित्र बाहुली आणि एक शेपटीचे हाड राहिले आहे.