आधी गाडी, मग माल: आर्कमधले डायनो एका मॅपवरून दुसऱ्यावर कसे न्यायचे

रविवारी रात्री दिंडोरीहून भाच्याचा फोन आला. आवाज इतका बारीक, की मला वाटलं घरात काही झालं. "मामा, काळी गेली." काळी म्हणजे आर्क या खेळातली त्याची रेक्स डायनोसॉर. अंडं त्यानेच उबवलेलं, पिल्लू त्यानेच वाढवलेलं. शुक्रवारी रात्री त्याने तिला आयलंड मॅपवर निळ्या ओबेलिस्कमध्ये (उंच मनोरा, इथून प्राणी आणि सामान दुसऱ्या मॅपवर पाठवता येतं) अपलोड केली आणि दुसऱ्या मॅपवर उद्या उतरवू म्हणून झोपला. शनिवारी पहाटेच द्राक्षांच्या काढणीला बागेत जावं लागलं. रविवारीही तेच. रात्री खेळ उघडला तर यादी रिकामी.

मी त्याला एकच विचारलं, "बांधावर गाडी लागल्याशिवाय तुम्ही माल तोडता का?"

फोनवर बराच वेळ काही नाही. मग म्हणाला, "मामा, पण तो माल नासतो."

हाही नासतो. आर्कमध्ये अपलोड केलेला प्राणी ठरलेल्या मुदतीत उतरवला नाही तर कायमचा जातो, आणि ही मुदत साधारणपणे 24 तासांची असते. खेळ बंद केला म्हणून घड्याळ थांबेल या भरवशावर राहू नका. जेवण, कॉलेज, दुसरी पाळी, गेलेली लाईट, सगळं त्यातच धरायचं. प्राणी हलवण्याचं निम्मं शहाणपण एवढ्यात आलं. उरलेलं निम्मं खाली सांगतो.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. 'आर्क: सर्व्हायव्हल इव्हॉल्व्ड' 2015 मध्ये अर्धवट अवस्थेत लोकांच्या हाती आला आणि 2017 मध्ये पूर्ण झाला. 2023 मध्ये त्याचीच नवी बांधणी आली, 'सर्व्हायव्हल असेंडेड'. दोन्हींत तुम्ही उघड्या अंगाने किनाऱ्यावर जागे होता, दगड-लाकूड गोळा करता आणि डायनोसॉर माणसाळवता. आमच्याकडे याला सरळ 'टेम करणं' म्हणतात. प्रत्येक मॅप म्हणजे वेगळं जग. वायव्हर्न स्कॉर्च्ड अर्थवर मिळतो, रॉक ड्रेक ॲबरेशनवर, मॅनागार्मर एक्स्टिंक्शनवर. आयलंडवर यातलं एकही नाही, म्हणून ने-आण करायची. जुन्या खेळातला प्राणी नव्या खेळात मात्र येत नाही. त्या वाटेला जाऊ नका.

पहिलं काम: जिथे जायचं तिथे आधी जाऊन या

यात लोक सर्वांत जास्त चुकतात. प्राणी नेण्याआधी त्या मॅपवर रिकाम्या हाताने एकदा जाऊन या. सर्व्हर चालू आहे का? आत जागा आहे का? अधिकृत सर्व्हरवर एका वेळी 70 खेळाडूच मावतात. ते भरले की तुम्ही दाराबाहेर, आणि तुमच्या प्राण्याचं घड्याळ आत चालूच.

मग तिथे उतरवण्याची जागा शोधा. लाल, हिरवा किंवा निळा ओबेलिस्क कुठे आहे, किनाऱ्यावरून तिथवर पायी पोचता येतं का, वाटेत काय फिरतंय, हे बघून ठेवा. ओबेलिस्क लांब असेल तर आभाळातून प्रकाशाच्या झोतात उतरणारे सप्लाय ड्रॉप चालतात, त्यांच्यातही तोच अपलोड-डाउनलोडचा पडदा असतो. पण त्यांना लेव्हलची अट आहे. पांढरा ड्रॉप लेव्हल 3 ला उघडतो, हिरवा 15 ला, निळा 25 ला, जांभळा 35 ला, पिवळा 45 ला, लाल 60 ला. नवं कोरं पात्र घेऊन जाणार असाल तर निळ्या ड्रॉपसमोर नुसतं उभं राहण्याची वेळ येते. मी राहिलोय. पाठीमागून रॅप्टर आला, पुढचं सांगत नाही.

तिसरी गोष्ट म्हणजे तिथे तुमचा प्राणी चालतो का. ॲबरेशन हा जमिनीखालचा मॅप आहे. सर्व्हरच्या मालकाने मुद्दाम परवानगी दिलेली नसेल तर बाहेरचे प्राणी तिथे उतरतच नाहीत, आणि उडणाऱ्यांना तर तिथे थाराच नाही. उलट दिशेला अडचण नाही, ॲबरेशनचा रॉक ड्रेक खुशाल बाहेर आणा. जेनेसिसच्या पहिल्या भागातही उडणारे प्राणी चालत नाहीत. तेव्हा टेरानोडॉनवर बसून फिरायचे बेत आखण्याआधी मॅपचे नियम बघा.

प्राणी तयार करणं

आमच्या आजोबांनी घोटीच्या बाजारातून बैल आणला की टेम्पोत चढवण्याआधी त्याच्या अंगावरची झूल, गळ्यातली घुंगरमाळ सगळं उतरवून वेगळं बांधायचे. तीच पद्धत इथे वापरा. रेक्सच्या पोटात (म्हणजे त्याच्या इन्व्हेंटरीत, खेळात दोन्ही एकच) मांस, चामडं, दगड काय असेल ते काढा. सॅडल (खोगीर) काढून स्वतःजवळ घ्या किंवा सामान म्हणून वेगळी अपलोड करा. सॅडल अंगावर ठेवूनही नेणारे आहेत, पण मोकळ्या प्राण्याचा हिशेब सोपा असतो.

सॅडल घेतल्याशिवाय मात्र निघू नका. मूळ खेळात रेक्सची सॅडल बनवायची विद्या लेव्हल 74 ला मिळते. पलीकडे नव्या पात्राने गेलात तर रेक्स समोर उभा आणि तुम्ही त्याच्या शेजारून पायी चालताय, अशी वरात निघेल.

याला जोडून इंप्रिंटचं. अंड्यापासून वाढवलेल्या पिल्लाची वेळोवेळी निगा राखली की त्याच्यावर तुमचा ठसा बसतो, आणि ठसा ज्याचा तो स्वार झाला की प्राणी आणखी ताकदीने लढतो. हा ठसा तुमच्या नावाला नव्हे, त्या विशिष्ट पात्राला चिकटलेला असतो. पलीकडे त्याच नावाचं, त्याच चेहऱ्याचं नवं पात्र बनवलं तरी रेक्स ओळख दाखवणार नाही. रेक्सचं अंडं 32 ते 34 अंशांत उबवावं लागतं आणि साध्या वेगाने पिल्लू मोठं व्हायला 3 दिवस 20 तासांच्या वर जातात. एवढी मेहनत केली असेल तर प्राण्याबरोबर तेच पात्र न्या.

सेव्ह फोल्डरची नक्कल काढायला विसरू नका. एकट्याने किंवा स्वतःच्या मशीनवर खेळत असाल तर खेळ पूर्ण बंद करून त्याचा 'सेव्ह्ड' फोल्डर जसाच्या तसा दुसरीकडे कॉपी करा. पाच मिनिटांचं काम. भाच्याने केलं नव्हतं.

अपलोड

प्राण्याला ओबेलिस्कच्या पायथ्याशी, टर्मिनलच्या अगदी जवळ आणून उभा करा. 'मागे ये' बंद करून जागेवर थांबवा, नाहीतर तुम्ही बटण शोधत असताना तो एखाद्या डोडोच्या मागे निघून जातो. टर्मिनल उघडलं की वर 'आर्क डेटा' नावाचा टॅब दिसेल. त्यात सामान अपलोड करण्याची जागा वेगळी, प्राणी अपलोड करण्याची वेगळी. जवळच्या प्राण्यांच्या यादीतून तुमचा निवडा. इथे नाव दोनदा वाचा. आमच्या एका मित्राच्या चारही रेक्सची नावं 'राजा' होती. त्याने चुकीचा राजा पाठवला, तोही गुहेतल्या लढाईत अर्धमेला झालेला.

बटण दाबलं की प्राणी डोळ्यांदेखत नाहीसा होतो आणि यादीत त्याचं नाव येतं. इथून घड्याळ सुरू. म्हणून अपलोड सर्वांत शेवटी करायचं. आधी सामान, सॅडल, कपडे, खाणं, मग प्राणी आणि लगेच तुम्ही. सामानालाही मुदत असते. न बदललेल्या सेटिंगमध्ये एका वेळी 20 प्राणी आणि 50 सामानं मावतात. एकाच रात्रीत अख्खा गोठा हलवायला जाऊ नका, दोन-तीन खेपा करा.

पहिली खेप नेहमी डोडोची. डोडो म्हणजे खेळातली कोंबडी, किनाऱ्यावर ढिगाने सापडते, गेली तरी कोणी रडत नाही. त्याला अपलोड करा, पलीकडे उतरवा आणि परत आणा. सर्व्हरने काही अडवून ठेवलं असेल तर ते डोडोवरच कळतं. काही सर्व्हरवर एकदा उतरवलेला प्राणी पुन्हा अपलोड करायला काही तास थांबावं लागतं, तेही इथेच समजतं.

स्वतः जाणं

एकाच क्लस्टरमधल्या (म्हणजे एकमेकांना जोडलेल्या) सर्व्हरवर खेळत असाल तर ओबेलिस्कवरच दुसऱ्या सर्व्हरला जायचं बटण आहे. यादीतून मॅप निवडा, जा. एकट्याने खेळत असाल तर प्राणी आणि सामान अपलोड झाल्यावर पात्रही अपलोड करा, मुख्य मेनूत या, दुसरा मॅप सुरू करा आणि नवं पात्र बनवायच्या पडद्यावर नवं न बनवता अपलोड केलेलं पात्र उतरवा. घाईत 'नवं बनवा' दाबणारे शेकडा नव्वद. हा आकडा माझ्या मित्रांचाच आहे, जगाचा नाही.

पलीकडे पोचल्यावर ओबेलिस्क किंवा ड्रॉप गाठा, तोच आर्क डेटाचा टॅब उघडा, प्राणी उतरवा. जागा मोकळी बघा. रेक्सला सपाट मैदान लागतं, झाडाझुडपांत उतरवला तर अडकतो. उतरल्या उतरल्या तो शांत ठेवायचा की लढता, ते ठरवून तशी आज्ञा द्या, खाऊ घाला, मग सॅडल चढवा. स्कॉर्च्ड अर्थवर उतरत असाल तर स्वतःसाठी पाणी आणि उन्हाचे कपडे घेतल्याशिवाय पाऊल टाकू नका. मे महिन्यात भर दुपारी डोकं न झाकता पंचवटीत फिरल्यासारखं होतं, फक्त इथे खरंच मरायला होतं.

क्रायोपॉडची वाट

2018 मध्ये एक्स्टिंक्शनबरोबर क्रायोपॉड आला आणि बरंच सोपं झालं. मूळ खेळात लेव्हल 51 ला बनवता येणारी ही डबी. प्राण्यावर रोखली की तो गोठून आत जातो, आणि डबी घेऊन तुम्ही क्लस्टरमध्ये प्रवास करता. मोसासॉरससारखे पाण्यातले प्राणी ओबेलिस्कपर्यंत चालत येणार नाहीत, त्यांच्यासाठी हा सोपा उपाय.

पण डबीलाही चार्ज असतो. तो क्रायोफ्रिजमध्ये भरून घ्यावा लागतो, पूर्ण उतरला तर आतला प्राणी गेला. काही सर्व्हरवर जवळ चालू क्रायोफ्रिज असल्याशिवाय प्राणी बाहेरच पडत नाही. आणि डब्या खिशात घेऊन नव्या किनाऱ्यावर उतरताच मेलात, तर सगळा गोठा त्या एका पिशवीत पडून राहतो. म्हणून मी वाटणी करतो. लाडका प्राणी ओबेलिस्कमधून, बाकीचे डबीतून. असेंडेडवाले मित्र मला यावरून हसतात, त्यांचं सगळं डबीतच असतं.

स्वतःचा सर्व्हर असेल तर

इंदिरानगरला माझ्या जुन्या मशीनवर आम्ही तीन मॅप चालवतो. तीनही सर्व्हर सुरू करताना क्लस्टर आयडी एकच द्यायचा आणि क्लस्टरच्या फाइल ठेवायचा फोल्डरही एकच दाखवायचा. हे दोन्ही जुळले नाहीत तर सर्व्हर एकमेकांना ओळखत नाहीत आणि अपलोड केलेला प्राणी पलीकडे दिसत नाही. मग सेटिंगच्या फाइलमध्ये अपलोड आणि डाउनलोड अडवणाऱ्या ओळी बघा. पात्र, सामान, प्राणी यांच्या वेगवेगळ्या ओळी असतात आणि एक सुटली तरी काम अडतं. ॲबरेशनवर बाहेरचे प्राणी आणायचे तर त्याची परवानगी वेगळी द्यावी लागते.

प्राण्यांची मुदत तिथेच सेकंदांत लिहिलेली असते, 86,400. काळी गेल्यानंतर मी ती आमच्या क्लस्टरवर सात दिवसांची केली, म्हणजे 6,04,800. काढणीच्या दिवसांत दिंडोरीचं काही सांगता येत नाही.

भाच्याने नवी रेक्स वाढवायला घेतलीय, तीही काळीच. गेल्या आठवड्यात तिला हलवायची वेळ आली तेव्हा आधी फोन केला, "मामा, पलीकडचा सर्व्हर चालू आहे ना?" मी चालू करून दिला. त्याने आधी डोडो पाठवला, तो उतरलेला मी माझ्या पडद्यावर बघितला, मग रेक्स. अपलोड ते डाउनलोड अकरा मिनिटं लागली, त्यातली चार तो सॅडल शोधत होता.