मेडिआ नव्याने लिहिताय? या चुका टाळा

युरिपिडीसच्या ग्रीक नाटकातली मेडिआ, नवरा जेसन दुसरं लग्न करतो म्हणून सुडापोटी स्वतःची मुलं मारते. तिला आजच्या काळात आणताना पहिला मोह होतो तो तिला निर्दोष ठरवण्याचा. मुलं तिने मारलीच नाहीत, ती राहत होती त्या कोरिंथ शहराच्या लोकांनी मारली! अशी कथा ग्रीकांकडेही होती, प्राचीन ग्रीक प्रवासलेखक पौसानियसने ती नोंदवली आहे. ती घ्यायची तर पूर्ण घ्या. मग गोष्ट शहराच्या अपराधाची होते. पण युरिपिडीसच्या मेडिआचा संताप ठेवायचा आणि तिचं कृत्य तेवढं पुसायचं, यात ती हातची जाते.

दुसरी चूक मला जास्त खटकते: तिला वेडी ठरवणं. इ.स.पू. 431च्या त्या नाटकात ती पूर्ण भानावर आहे. तिला हद्दपार करणाऱ्या कोरिंथच्या राजाकडून, क्रेऑनकडून, एक दिवसाची मुदत मागून घेते, अथेन्समध्ये आसरा पक्का करते, मगच सुडाला हात घालते. मुलांकडे बघून तिचं मन फिरतं, पुन्हा फिरतं. आपण करतोय ते भयंकर आहे हे ती स्वतःच बोलून दाखवते. तुमच्या मसुद्यात ही घालमेल नसेल तर तिथेच थांबा आणि तो प्रवेश पुन्हा लिहा.

तिला आसरा देणारा अथेन्सचा राजा एजिअस, त्याचा प्रवेश अनेकांना उपरा वाटतो. अ‍ॅरिस्टॉटललाही तो पटला नव्हता. तरी कापू नका. मूल व्हावं म्हणून देववाणी विचारून आलेला हा राजा तिच्यासमोर उभा राहतो. पुरुषाला अपत्याची केवढी आस असते, हे प्रेक्षकाला इथे दिसतं. जेसनला घाव कुठे बसणार, तेही.

जेसनला निव्वळ खलनायक केलं तर नाटक लंगडं पडतं. क्रेऑनच्या मुलीशी लग्न मुलांच्याच भल्यासाठी, असं तो म्हणतो. हे स्वार्थी आहे, पण पोकळ नाही. आईवडील दोघंही अथेन्सचे असतील तरच मूल नागरिक, हा अथेन्सचा नेता पेरिक्लिस याचा कायदा इ.स.पू. 451चा, नाटकाचे पहिले प्रेक्षक त्याच कायद्याखाली जगत होते. मेडिआ काळ्या समुद्राकाठच्या कोल्खिसची, म्हणजे आजच्या जॉर्जियाची. बापाशी दगा करून आलेली, त्यामुळे परतायला माहेरही नाही. तिच्या हातात मोबाइल देऊन ती आजची होत नाही. नवऱ्याच्या व्हिसावर परदेशात राहणाऱ्या बाईची कोंडी दाखवलीत तर होईल.

आणि शेवटी तिला अटक किंवा आत्महत्या देऊ नका. मुळात ती सूर्याच्या रथातून निघून जाते, मुलांचे देह सोबत घेऊन. जेसन त्यांना एकदा हात लावू दे म्हणून विनवतो. ती लावू देत नाही.