जुनं फुटेज आधी नुसतं बघा

जुन्या रिळांमधून नवी फिल्म करायची असेल, तर ती हाती आली की लगेच कापाकापीला बसू नका. मी आधी आवाज बंद करून सगळं दोनदा बघतो. पहिल्यांदा मधली माणसं, दुसऱ्यांदा फक्त चित्राच्या कडा. एका लग्नाच्या रिळात नवरा-नवरीच्या मागे उभी असलेली एक मुलगी सबंध वेळ कॅमेऱ्याकडेच बघत होती. माझी फिल्म शेवटी तिचीच झाली.

वेग तपासा. घरगुती चित्रणाची जुनी फिल्म दोन प्रकारची असते: साधं ८ मिमी आणि सुपर ८. साधं ८ मिमी बहुधा सेकंदाला १६ फ्रेमने चित्रित व्हायचं, सुपर ८ असेल तर १८ने. तेच २४ने चालवलं की माणसं तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक नको तिथे हसतो.

ओरखडे, डाग पुसायची घाई नको. पण नव्या शॉटवर खोटे ओरखडे चढवणं? मला तरी अजिबात पटत नाही.

सोव्हिएत दिग्दर्शिका एस्फिर शूब यांनी १९२७ साली झारच्या, म्हणजे रशियाच्या सम्राटाच्या, घरगुती चित्रफिती आणि जुने बातमीपट जोडून झारशाहीच्याच पतनाची फिल्म बांधली. शॉट तेच, शेजार बदलला, म्हणजे आधी-नंतर जोडलेले शॉट बदलले. तुम्हीही एकच शॉट घेऊन त्याला तीन वेगवेगळे शेजारी देऊन बघा. निवेदन सगळ्यात शेवटी लिहा.

वापराची लेखी परवानगी मात्र एडिटिंगच्या आधी. मी एकदा उलटं केलं, आणि तयार फिल्ममधली चार मिनिटं काढून टाकावी लागली.