ट्रॉम्सोला निघण्याआधी दादरच्या गच्चीवर

नॉर्दर्न लाइट्ससाठी, म्हणजे ध्रुवाकडच्या रात्रीच्या आभाळात दिसणाऱ्या रंगीत प्रकाशझोतांसाठी, नॉर्वेतलं ट्रॉम्सो गाठायचं ते सप्टेंबरअखेर ते मार्चअखेर. उन्हाळ्यात तिथे अंधारच पडत नाही. टूर मिनीबसचीच घ्या. ढग आले की गाइड मोकळं आभाळ शोधत पार फिनलंडच्या हद्दीकडे नेतो. बोटीची टूर फोटोसाठी नकोच, डेकवर ट्रायपॉड हलतो.

कॅमेऱ्याचा सराव इथेच गच्चीवर करा, जाड हातमोजे घालून. घामाच्या धारा लागतील, शेजारी हसतील, हसू देत. फोकस मॅन्युअलवर टाका, स्क्रीनवर एखादा ठळक तारा मोठा करा आणि तो टाचणीच्या टोकाएवढा होईपर्यंत रिंग फिरवा. लेन्सचं छिद्र एफ २.८, आयएसओ (प्रकाशाची संवेदनशीलता) १६००, शटर ८ सेकंद उघडं; झोत नाचायला लागले की ३ सेकंद. जादा बॅटरी आतल्या खिशात, अंगाच्या उबेला. हॉटेलात शिरण्याआधी कॅमेरा झिपच्या पिशवीत बंद करा, नाहीतर लेन्सवर बाष्प धरतं.